तिथल्या बाया पाणी कुठून आणतात

बाबा, तुम्हाला जाऊन एकोणीस वर्षं झाली, तरी माझा राग गेलेला नाही. मेलेल्या माणसावर रागावू नये म्हणतात. मी रागावणार.

तुम्ही ट्रक घेऊन महिना-महिना बाहेर असायचात आणि आलात की आधी आंघोळ. त्या दिवशी आई तांड्याखालच्या विहिरीवरून पाण्याचे दोन गुंड जास्तीचे भरून आणायची, चढ चढून. तुम्ही अंगणातल्या दगडावर बसून तांब्यावर तांब्या ओतताय आणि जमलेल्या लोकांना सांगताय, "राजस्थानात पाण्याची लय मारामार. नुसती रेतीच रेती." चुलीपुढून आई विचारते, "मंग तिथल्या बाया पाणी कुठून आणतेत?" तुम्ही काश्मीरचा बर्फ सांगितला, केरळातल्या दारापुढच्या नद्या सांगितल्या, तिचा प्रश्न तोच. समुद्राच्या वेळी म्हणाली, "पेता येते का ते पाणी?" "खारं असते वं." "मंग बाया...?" तुम्ही भडकलात. "मी का तिथं पाणी भराले गेलतो?" सगळे हसले. मीपण हसले. आई खाली मान घालून भाकर थापत राहिली.

अर्धा देश पाहिला म्हणून मिरवायचात. काय पाहिलंत? काचेतून रस्ता आणि जेवायला ढाबे. आपल्या वाडवडिलांनी बैलांच्या पाठीवर मीठ वाहिलं, तेव्हा बायका-पोरं सोबत चालायची, आणि पाणी पाहूनच मुक्काम पडायचा. तुमच्याकडे तर इंजिन होतं. आई जन्मात एकदाच म्हणाली, "मलेबी न्या ना एखाद्या खेपेले." तुम्ही म्हणालात, "बाईनं कॅबिनीत बसाचं नसते." कोणी सांगितलं होतं तुम्हाला? ती जवळच्या आर्णीच्या पुढे कधी गेली नाही.

यंदा माझ्या शाळेतल्या इतर शिक्षिकांबरोबर मी राजस्थानला जाऊन आले. आईला नेलं नाही, उन्हाचं कारण सांगितलं. घरी आल्यावर मोबाइलवर तिला वाळवंट दाखवलं, उंटावर बसलेली मी दाखवली. चष्मा सारखा करत तिनं सगळे फोटो नीट पाहिले आणि विचारलं, "बाया पाणी कुठून आणतेत?"

"आता घरात नळ हाये ना, तुले कायले पाह्यजे?" मी खेकसले. नळ आला होता, ती भरायला उठली.

हे पत्र तिला वाचून दाखवणार नाही, आणि तुमच्यापर्यंत तर ते पोचणारच नाही. चार दिवस होते मी तिथे, बाबा. मीही विचारलं नाही.