वीस हजार एकचा हप्ता

पुंडलिकनगर, छत्रपती संभाजीनगर
२० मार्च २०२५

तीर्थरूप तात्यासाहेब मामा यांस,

बद्रीनाथचा लांबूनच वाकून नमस्कार. (जवळ असतो तर गुडघ्यावर डोकं ठेवलं असतं, पण तुमचा उजवा गुडघा सध्या कुणाचं डोकं सोसायच्या परिस्थितीत नाही, असं वच्छलामामींकडून कळलं.) तेल चोळता की नाही? डॉक्टरनं जिना चढू नका म्हटल्यापासून तुम्ही दिवसातून चार वेळा माडीवर जाता, हेही कळलं. मामींची साखर आता कशी आहे? काकासाहेबाची बदली थांबली का? आम्ही सगळे खुशाल आहोत. गेल्या शनिवारी नव्हतो, तेच सांगायला हे पत्र. फोन केला असता, पण फोनवर तुम्ही ‘बोल’ म्हणता आणि मग स्वतःच बोलता. मागच्या वेळी पाऊण तासात मला फक्त ‘हो मामा’ म्हणता आलं, तेही तुम्ही श्वास घ्यायला थांबलात तेव्हा. तेव्हा चष्मा लावून निवांत वाचा, आणि रागवायचं झालंच तर शेवटपर्यंत वाचून मग रागवा.

तर गोष्ट फ्लॅटची. तुम्हाला सगळं माहीत आहे, तरी पुन्हा लिहितो, कारण हे पत्र तुम्ही आणखी चार जणांना वाचून दाखवणार. अकरा वर्षं आम्ही इथं भाड्यानं राहतो, आणि मागच्याच गल्लीतला दोन खोल्या आणि स्वयंपाकघराचा फ्लॅट बत्तीस लाखांना ठरला. सात लाख आमचे, पंचवीस लाख बँकेचे. व्याज साडेआठ टक्के, मुदत वीस वर्षं, हप्ता एकवीस हजार सहाशे शहाण्णव. मी शाळेतला क्लार्क, ३१ मे २०४० ला रिटायर होणार. त्या दिवशी हार आणि नारळ घेऊन ज्या घरी यायचं ते घर पुरतं आपलं असावं, त्यावर कुणाचा एक पैसा नसावा, एवढीच माझी इच्छा. ही इच्छा मी सगळ्यांना बोलून दाखवली, फक्त आजपासून वीस वर्षं मोजून पाहिली नाहीत. (शाळेत साडेसातशे पोरांच्या फीचा हिशेब माझ्याकडं असतो, हे कृपा करून त्या चार जणांना सांगू नका.)

फेब्रुवारीत काकासाहेबाच्या मुलीच्या, म्हणजे तुमच्या नातीच्या, बारशाला गंगापूरला आलो, तेव्हा तुम्ही आहेराच्या टेबलाशी वही उघडून बसला होता. आपल्या घराण्यात चाळीस वर्षं आहेराची वही तुमच्याकडं आहे आणि तिच्यात शून्यावर संपलेला एक आकडा नाही. कुणी नुसती पाचशेची नोट पुढं केली, तर तुम्ही स्वतःच्या खिशातला रुपया काढून तिच्यावर ठेवता आणि मगच नाव लिहिता. त्या टेबलाशीच तुम्ही विचारलंत, हप्ता किती. मी सांगितला. तुम्ही पेन खाली ठेवला. “शहाण्णव? हा घराचा आकडा हाय का भंगाराचा? वीस हजार एक करून घे. माझ्या माडीचा बघ, अकरा हजार एक. सात वर्षं झाली, निम्मं फिटलं.” झालं, ओळीनं बसलेल्या सगळ्यांच्या माना हलल्या. मामा, त्या दिवशी जेवायला दोनशे माणूस होतं, त्यातल्या निम्म्यांनी मला हप्ता विचारला. किती वर्षं, हे एकानंही विचारलं नाही, आणि मलाही ते सांगावंसं वाटलं नाही.

इथं येऊन मी आणि तुमची सूनबाई, दोघं बँकेत गेलो. तिथल्या कर्जाच्या मॅडम भल्या आहेत. हप्ता वीस हजार एक पाहिजे म्हटल्यावर त्यांनी एवढंच विचारलं, की एक का? म्हटलं, आमच्याकडं शेवटी एक लागतो. त्या हसल्या नाहीत, त्यांच्याकडंही लागत असावा. कॉम्प्युटरवर आकडे टाकून म्हणाल्या, हप्ता बसतो, मुदत वाढेल, चालेल ना? आम्ही एका सुरात चालेल म्हणालो. दुकानदार पिशवी कापडी देऊ का विचारतो तेव्हा म्हणतो ना, तितक्याच सहज. त्यांनी कागदांचा गठ्ठा दिला, घरी नीट वाचा आणि सोमवारी सह्यांना या असं बजावलं. आम्ही तो गठ्ठा नीट फ्रिजवर ठेवला आणि वाऱ्यानं उडू नये म्हणून वर केळ्यांची टोपली ठेवली. मग महिन्याला सोळाशे पंच्याण्णव रुपये वाचले या आनंदात सोफा बघायला गेलो, आणि पाचशे रुपये विसार देऊन आलो. (सोफ्याचा हप्ता सतराशे एक. तुमचीच शिकवण.)

शनिवारी मी वास्तुशांतीचा शर्ट शिवायला नूरमोहम्मद मास्टरांकडं शहागंजात गेलो. मास्टर म्हणजे आमच्या शाळेचे गणवेश शिवणारे टेलर, माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी मोठे. माझं माप त्यांच्या वहीत आहे, तरी ते दर वेळी नव्यानं घेतात, कारण त्यांच्या मते क्लार्कचं पोट पगाराच्या आधी वाढतं. टेप पोटाभोवती असताना मी खुशीत हप्ता सांगून टाकला. त्यांनी तोंडातल्या टाचण्या काढून डबीत टाकल्या आणि विचारलं, “बंद कब होता?” म्हटलं, ते विचारायचं राहिलं. मास्टर माझ्याकडं असे बघत राहिले, जणू मी एक बाही विसरून शर्ट घालून आलोय. “कपडा लेते तो भाव पूछते, कित्ता लगता वो भी पूछते. यहाँ खाली हप्ता पूछे?”

मग त्यांनी टेबलावर टेप पसरला, साठ इंचांचा. हा तुमचा हप्ता, म्हणाले. त्रेपन्न इंचांवर खडूची रेघ ओढली. इथपर्यंत व्याज. उरलेले सात इंच मुद्दल. मी म्हटलं, असं कसं. त्यांनी कागदावर करून दाखवलं: पंचवीस लाखांचं साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज सतरा हजार सातशे आठ रुपये. वीस हजार एकातून ते गेलं की राहिले बावीसशे त्र्याण्णव, कर्ज कमी होणार ते तेवढंच. पुढं पुढं मुद्दलाचे इंच वाढतात, पण गोगलगायीच्या चालीनं. “सात इंच में रुमाल नै निकलता, तुम घर निकालने चले.” हे त्यांना ठाऊक होतं, कारण ते स्वतः पोळले होते. सहा वर्षं हप्ते भरून, आता अर्धं तरी फिटलं असेल अशा समजुतीनं ते चौकशीला गेले, आणि उत्तर ऐकून बँकेतच खुर्चीवर बसून राहिले. तेव्हापासून दर ईदच्या सीझनची जादा कमाई त्यांनी मुद्दलात भरली, म्हणून तीन वर्षांपूर्वी सुटले.

मी शर्टाचं कापड तिथंच विसरून घरी आलो आणि केळी उतरवली. नवव्या पानावर सगळं स्वच्छ छापलेलं होतं. तीनशे सात हप्ते. शेवटचा नोव्हेंबर २०५० मध्ये. एकूण भरायचे एकसष्ट लाख अडतीस हजार. (बँकेनं काही लपवलं नव्हतं. आम्हीच त्यावर केळी ठेवली होती.) आधीच्या त्या भंगाराच्या आकड्यानं हेच बावन्न लाख सात हजार झाले असते, म्हणजे शेवटी एक यावा म्हणून आम्ही नऊ लाख एकतीस हजारांना राजी होऊन आलो होतो. पण पैशापेक्षा मला ते साल लागलं. मी रिटायर होऊन तेव्हा साडेदहा वर्षं झालेली असतील. वय अडुसष्ट. पेन्शनचा भरवसा माझ्या भरतीच्या आधीच्यांना होता, मला नाही. मामा, मला खरंच भीती वाटली. हार घेऊन घरी येतोय आणि दारात अजून सव्वाशे हप्ते उभे आहेत, असंच दिसायला लागलं. ताट वाढलेलं तसंच राहिलं. शेजारच्या लक्ष्मीबाईंना वाटलं, मला उन्ह लागलं. त्या कैरीचं पन्हं घेऊन आल्या, तेही मी हिशेबाच्या कागदावर सांडलं.

रविवारभर घरात एकच पेच होता, आणि तो तुम्ही होता. वीस हजार एक हा तुमचा शब्द, दोनशे माणसांदेखत दिलेला. तो मोडला तर तुम्ही वास्तुशांतीला येऊन जेवाल, पण पाणी पिणार नाही. पुन्हा शहाण्णववर गेलो तरी २०४५ उजाडणारच, म्हणजे तेही कामाचं नाही. शेवटी तुमच्या सूनबाईनं तोड काढली. तांदूळ निवडता निवडता ती म्हणाली, मामांना शेवटी एक पाहिजे ना, मग त्याच्या आधी काय लिहायचं ते आपण ठरवू. आणि तिनं पंचवीस हजार एक लिहिलं. मी म्हटलं, वरचे पाच हजार कुठून आणणार? तिनं यादीच पुढं टाकली. सोफा रद्द. माझी नवी मोटारसायकल रद्द. (जुनी अजून चढावर चालते, फक्त मला उतरावं लागतं.) तिच्या दोन शिकवण्यांच्या चार झाल्या. वेरूळची दर श्रावणातली फेरी तेवढी ठेवली, कारण एसटीनं जातो आणि घृष्णेश्वराशी वाईटपणा नको.

सोमवारी मॅडमनी आकडे पुन्हा टाकले. एकशे पंच्याहत्तर हप्ते. एकूण त्रेचाळीस लाख चौसष्ट हजार, म्हणजे आधीच्यापेक्षा पावणेअठरा लाख कमी. शेवटचा हप्ता नोव्हेंबर २०३९. मी ती तारीख त्यांच्याकडून दोनदा म्हणवून घेतली. रिटायर व्हायच्या आधी सहा महिने मी बिनहप्त्याचा पगार घेणार, असला पगार मी जन्मात पाहिलेला नाही. मॅडमनी एक सांगून ठेवलं, की व्याजाचा दर बदलता आहे. तो वाढला तर बऱ्याचदा हप्ता तोच राहतो आणि मुदत गुपचूप लांबते, म्हणून दर वर्षी येऊन किती राहिलं ते विचारायचं आणि जमेल तसं मुद्दलात भरायचं. ते मी भिंतीवर लिहून ठेवलंय. (भाड्याच्या भिंतीवर. नव्या घरात पुन्हा लिहीन.) सह्या करून बाहेर आलो आणि बँकेच्या पायरीवरच बसलो. ही विचारत होती रिक्षा करू का, आणि मी म्हणत होतो, बस गं जरा, किती बरं वाटतंय. घरी येऊन भरदुपारी जो झोपलो, तो पाच वाजता उठलो.

तर मामा, तुमचा शब्द अर्धा पाळला, अर्धा मोडला. त्याची माफी मागतो. वास्तुशांती अक्षय तृतीयेलाच आहे, मात्र तीनशे माणसांची साठ केली, त्यात तुम्ही पहिले. मामींना नमस्कार, काकासाहेबाला आशीर्वाद, आणि बारशाच्या पोरीला पापा.

तुमचा आज्ञाधारक (अर्धा),
बद्रीनाथ

ता. क. सोफ्याचा पाचशे रुपये विसार बुडाला. तुमच्यासाठी शाळेतली हातांची लाकडी खुर्ची सांगून ठेवली आहे, गुडघ्याला ती बरी.

दुसरा ता. क. मास्टरांनी शर्टाची शिलाई पुरती घेतली. सल्ल्याचे पैसे देऊ का विचारलं तर मशीनच जोरात चालवायला लागले, म्हणून पुन्हा विचारलं नाही.

तिसरा ता. क. एवढं लांब पत्र लिहून भाचा शेवटी पैशाचं काढणार, हे तुम्ही मघाशीच ओळखलं असेल. ओळखलंत ते बरोबर आहे. या महिन्याच्या सुरुवातीला तुमच्या माडीच्या कर्जाचा कागद आला आणि तुम्ही तो गादीखाली ठेवला. (गादी मामी उचलतात.) सात वर्षांत सव्वानऊ लाख भरले आणि तेरा लाखांतले साडेअकरा अजून तसेच आहेत. तेव्हापासून तुम्ही भाकरी अर्धी ठेवून उठता. तरीही उसाच्या बिलातले दोन लाख माझ्या वास्तुशांतीच्या आहेरासाठी बाजूला काढलेत. मामींनी हे रडत सांगितलं, त्यांना काही बोलू नका. मास्टर आणि मी तुमचा हिशेब करून बघितला. ते दोन लाख आत्ता मुद्दलात भरले तर तुमची साडेपाच वर्षं कमी होतात आणि पाच लाखांवर व्याज वाचतं. कागद घेऊन बुधवारी या, आपण तिघं मिळून तुमच्या बँकेत जाऊ. काकासाहेबाला सांगा, शर्टाचं माप द्यायला चाललो. आणि अक्षय तृतीयेला मोकळ्या हातानं या. तुम्ही जन्मात कुणाच्या घरी तसे गेला नाहीत, मला ठाऊक आहे. माझ्याकडं तेवढं या.