तू न दिलेलं रक्त

आई, मी तुझ्यावर चिडले आहे, आणि ते ऐकायला तू नाहीस याचाही राग आहे. चाकणच्या कंपनीत माझं काम बिघडलेल्या सुट्या भागांचं, आमच्या भाषेत ‘पीस’. पीस फेल झाला की त्याला लाल टॅग लावून आम्ही कपाटात कुलपात ठेवतो. बिघाड कशाने झाला ते शोधायचं तर आधी तोच हातात लागतो. चांगले पीस कितीही न्याहाळले तरी त्यातून कारण कळत नाही. मध्यंतरी जनुकीय तपासणीसाठी डॉक्टरांकडे गेले, तर त्यांनीही पहिलं हेच विचारलं, "घरात ज्यांना कॅन्सर झाला, त्यांची तपासणी झाली होती?" मी नाही म्हणाले. "मग तुमच्या रक्तात काही सापडलं नाही, तरी तुम्ही सुटलात असं मी सांगू शकत नाही. नेमकं काय शोधायचं, तेच आपल्याला माहीत नाही."

माहीत झालं असतं. पिंपळे गुरवच्या आपल्या स्वयंपाकघरात तू मेथी निवडत बसली आहेस, केस गेलेल्या डोक्याला स्कार्फ, आणि इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षातली मी पुन्हा पुन्हा विचारते आहे, डॉक्टर एवढं सांगतायत तर रक्त का देत नाहीस? "मला आता कळून काय करायचंय? झालं ते झालं." मी सोडत नाही. तू जुडी ताटात आपटतेस. "इंजिनिअर व्हायला निघालीस म्हणून माझंच इन्स्पेक्शन लावलंस का? उद्या तुला स्थळ आलं की हाच तपासणीचा कागद नाचवतील लोक." आई, ती तपासणी तुझ्यापेक्षा माझ्यासाठी होती. माझं भलं म्हणून तू नेमकी तीच गोष्ट अडवलीस. आणि तुला हे समजावून सांगण्याइतकं तेव्हा मलाही कळत नव्हतं.

राहिली मावशी. तुझा कॅन्सर अंडाशयाचा, तिचा स्तनाचा. ती ऑपरेशन होऊन बरी झाली. दोन्हींमागे एकच जनुक असू शकतं, म्हणून तिचं रक्त चालणार होतं. देहूच्या अलीकडे तिच्या घरी गेले, सगळं नीट सांगितलं. अर्धा वेळ ती माझ्या ताटात वाढतच होती. शेवटी म्हणाली, "तुझ्या आयेनं दिलं न्हाई, आन् मी देऊ व्हय? पोरीला बघाया पाव्हणं येत्यात, अन् ह्या बयेला आमचं रगात तपासायचंय!" तेच स्थळ, तोच कागद. माणसं बदलली, वाक्य बदललं नाही. मी उठणारच होते, पण जिला बघायला पाहुणे येणार होते ती माझी मावसबहीण आतून आली. "आई, पाहुण्यांना काय सांगायचं ते मी बघते. मला कधी कळायचं? तुझ्यासारखं गाठ आल्यावर?" मावशी माझ्याकडे हात करून तिला म्हणाली, "असं टोचून बोलाया हिच्याकडनंच शिकलीस न्हवं?" आणि पुढच्या सोमवारी ती आमच्याबरोबर लॅबमध्ये आली. सुई टोचताना तिने भिंतीकडे तोंड फिरवलं, एवढंच.

तिच्या जनुकात दोष सापडला. डॉक्टरांच्या मते तो बहुधा तुझ्यातही असणार. म्हणजे माझ्यात येण्याची शक्यता निम्मी. आता निदान प्रश्न नेमका आहे: जनुकातली तीच एक जागा बघायची, आहे की नाही. नसेल, तर माझा धोका साधारण चारचौघींइतका. असेल, तर दरवर्षीच्या तपासण्या, आणि पुढे कधीतरी, आजार होण्याआधीच करायचं एक ऑपरेशन, ज्याचा विचार मी सध्या मुद्दाम करत नाही. हे सगळं मला तेव्हाच कळू शकलं असतं, त्यासाठी मावशीच्या दारात हात पसरायची गरज नव्हती. तू असतीस तर हे तुला मोठ्या आवाजात सांगितलं असतं.

उद्या मी रक्त देणार आहे. संध्याकाळी मावशीचा फोन आला होता, "येऊ का गं तुझ्यासंगं?" मी लगेच म्हणाले, नको, कंपनीतून परस्पर जाईन, दहा मिनिटांचं काम आहे. "बरं," म्हणाली आणि फोन ठेवला. तेव्हापासून मी हे लिहीत बसले आहे. आई, तिने यावं असं मला वाटतंय. परत फोन करून तिला ते सांगणं मला अजून जमलेलं नाही.