रापणकऱ्यांचा संघ

आबा, तुम्ही गेलात आणि मागाहून मी मॅनेजर झालो. हापिसातला नव्हे, फुटबॉलचा. तुम्ही असता तर म्हणाला असता, "चेंडूला मॅनेजर कशाला रं, तो काय गिरणीत जातो?" आई अजून शेजारणींना सांगते, पोरगा क्लबात मुकादम आहे. मी दुरुस्त करायचं सोडून दिलंय.

तसा चेंडू माझ्या पायात आला तो तुमच्याच रापणीवर. मांडवीची पुळण, जाळं समुद्रात लांब गोल फिरवून टाकलेलं, त्याच्या दोन टोकांच्या दोऱ्या किनाऱ्यावर. दोन्हीकडे माणसं रांगेनं मागं सरत ओढतायत आणि मधे तुम्ही उभे, कंबरेवर हात ठेवून. वाळूत कुणीतरी फेकलेला केंड मासा पडलाय, टम्म फुगलेला. मी त्याला लाथ घालतो, तो उडतो, आणि मी दोरी टाकून त्याच्यामागे. सगळ्यांदेखत कान पिळलात तुम्ही. "मेल्या, दोरी सोडून कुठं पळतोस? तुझ्या वाट्याचं वजन कोण ओढणार, तुझा मामा?" कान दिवसभर लाल होता. पण खरं सांगू, त्या लाथेत जी मजा आली तशी मला पुढं कशातच आली नाही.

म्हणून तर मुंबईला गेलो. जाताना चुलीपुढं बसून तुम्ही पेज पीत होता, मान वर न करता म्हणालात, "लाथा मारायला एवढ्या लांब जायचं?" गेलो खरा. गिरणीच्या संघात सेंटर हाफ झालो, बूट घालायला शिकलो, माझ्या नावानं लोक ओरडायचे. तुम्ही गेल्याची तार आली तेव्हा पावसाळ्यामुळं आगबोटी बंद होत्या. घाटावरून वळसा घालून घरी पोचलो तोवर तेरावाही उरकला होता. त्याचं दुःख आहे, आबा, ते काही जात नाही. मग दोन वर्षांत गुडघा गेला. धावणं संपलं तसा गाशा गुंडाळून परत आलो, तर इथल्या क्लबानं संघ माझ्या हाती दिला. क्लब वकिलांचा आणि व्यापाऱ्यांचा, पण खेळणारे बहुतेक आपले रापणकरी. अनवाणी, काटक, वाऱ्यासारखे पळणारे.

आणि एकच खोड, सगळ्यांना. कडेनं खेळायला ठेवलेले दोघे चेंडू पुढं सरकला रे सरकला की मधे यायचे. डावा उजवीकडे, उजवा डावीकडे, शेवटी सगळे एकमेकांच्या पायांत. मी ओरडून ओरडून घसा बसवून घेतला. "अरे कडा धरा! कडा!" हो म्हणायचे आणि पुन्हा तेच. एके दिवशी रागानं सराव टाकून पुळणीवर जाऊन बसलो. समोर रापण ओढत होते. जाळं जवळ येतं तशा दोन्ही रांगा एकमेकींकडे सरकतात, अगदी खांद्याला खांदा लागेपर्यंत. हात्तिच्या! पोरांचं काही चुकत नव्हतं, पाय जन्मभर जे शिकले तेच करत होते. दुसऱ्या दिवशी गावावरच्या कातळी सड्यावर, मैदानात, त्यांना एवढंच सांगितलं, "जाळं अजून लांब आहे. मी सांगेपर्यंत दोऱ्या जवळ आणायच्या नाहीत." गोलाजवळ गेले की मी हाळी द्यायचो, "आवळा!" आणि दोघे दोन्हीकडून असे तुटून पडायचे की समोरच्याला कळायचंच नाही. त्या वर्षी आम्ही अंतिम सामन्यापर्यंत गेलो.

समोर पलटणीचा संघ. सामन्याच्या आदल्या दिवशी क्लबाच्या वकीलसाहेबांनी मला बोलावलं. मुंबईहून बूटवाले दोन पट्टीचे खेळाडू आणलेत, म्हणाले, कडेचे दोघे बसवा.

"साहेब, वर्षभर ते दोघे खेळले."

"मग? कप महत्त्वाचा की ते?"

"आमच्याकडे दोरीला हात लावला त्याला वाटा मिळतो. मासळी दिसली म्हणून माणसं बदलत नाहीत."

"ही मासेमारी नव्हे. कप आला नाही तर तुम्ही दुसरं काम बघा."

डोक्यात तिडीक गेली. म्हटलं, बघीन. आणि माझेच अकरा उतरवले.

हरलो, आबा. एका गोलानं. डाव्या कडेच्या पोरानं शेवटी शेवटी समोर आलेला चेंडू बाहेर मारला. तो मैदानातच मटकन बसला, मी लंगडत जाऊन त्याला उठवलं. म्हणाला, "दादा, माझ्यामुळं तुमचा कप गेला." मी म्हटलं, "गप. उद्या सरावाला ये." त्याच संध्याकाळी क्लबानं मला काढलं. चेंडू त्यांचा, गोलाचे खांब त्यांचे, सदरेसुद्धा त्यांचे. सकाळी मी पुळणीवर गेलो, कुणी येईल असं वाटत नव्हतं. पण अकराच्या अकरा आले, कडेचे दोघे बांबू खांद्यावर घेऊन. बांबू रोवले, चिंध्यांचा चेंडू बांधला आणि सराव केला. पुढच्या वर्षी आमच्या स्वतःच्या नावानं उतरणार आहोत. क्लब नसेना का, मॅनेजर मीच आहे, आणि कडेला तेच दोघे खेळतील. यात आता फरक नाही.

हे पत्र टाकायला पेटी नाही, ते मला कळतं. घडी घालून ट्रंकेत ठेवीन. पोरांपुढं मी छाती काढून हिंडतो, म्हणतो कपाचं काय एवढं, भांडंच तर आहे. तुम्हाला म्हणून सांगतो. मला तो कप हवा होता, आबा. फार हवा होता.