दादा झोपला

९ नोव्हेंबर

तीर्थरूप दादा,

नमस्कार. साष्टांग लिहिणार होतो, पण इतकी वर्षं विकेटांमध्ये धावून गुडघ्यांची अशी वाट लागलीय की ते खोटं वाटलं असतं.

इकडे ठीक. सकाळी आठला तोंडाला पावडर फासतात आणि समालोचनाला काचेच्या खोलीत बसवतात. कानात निर्माता सांगत असतो, "सर, जरा हसा." चेंडू कुठे गेला ते लोकांना दिसतच असतं, मी नुसती तोंडाची वाफ दवडतो. घसा बसलाय.

मागच्या आठवड्यात वहिनीला फोन केला होता. म्हणाली, "भाऊजी, हे शाळेच्या मैदानावर आले की पोरं घोरल्याचा आवाज काढतात. हे शिट्टी वाजवून तास सुरू करतात. तुमचा विनोद होतो हो, यांना रोज तिथे उभं राहावं लागतं." मी म्हटलं, आवाज नीट येत नाही, आणि फोन ठेवला. आवाज स्वच्छ येत होता.

अकरा वर्षं झाली. कुणी धावबाद झालं की मी माइकवर ओरडतो, "दादा झोपला!" मग तुझ्या एकुलत्या एका मोठ्या सामन्याचा किस्सा. मी हाक मारली, आमचे बंधुराज तंद्रीत, एकही चेंडू न खेळता परत! शेजारचा समालोचक हसून लोटपोट. विमानतळावर लोक मला तेच म्हणायला लावतात. माझी शतकं कुणाच्या लक्षात नाहीत.

आता मुद्द्याचं. एका गादीच्या कंपनीला ते वाक्य हवंय. जाहिरातीत तू पॅड बांधून खेळपट्टीवर गादी टाकून झोपायचं, मी वरून ओरडायचं. निर्माता गोड आवाजात म्हणाला, "जाहिरात झाली तर पुढच्या वर्षी तुम्ही आहातच." नाही झाली तर काय, ते बोलला नाही. सोबत संमतीचा कागद आहे.

चार वेळा पत्र इथेच संपवलं आणि फाडलं. दादा, तू झोपला नव्हतास. मी एकोणपन्नासवर होतो, पन्नाशीची घाई झाली होती. चेंडू ढकलून "ये" मीच ओरडलो. तू सुटलास. क्षेत्ररक्षकाच्या हातात चेंडू दिसल्यावर "नको" म्हणून मी मागे फिरलो, तेव्हा तू अर्ध्या वाटेत होतास. त्या काळी स्टंपमध्ये माइक नसायचे, म्हणून मी वाचलो. संध्याकाळी मॅनेजरने सगळ्यांसमोर विचारलं, "चूक कोणाची?" तू बॅग भरता भरता म्हणालास, "माझीच." मी शेजारी पाणी पीत बसलो होतो. तुला पुन्हा संघात घेतलं नाही. आणि तू मला आजवर एका शब्दाने जाब विचारला नाहीस, याचाच मला राग येतो. अजून येतो.

हे माइकवर सांगायला मिनिटभर पुरेल. सांगणार नाही. मग किस्सा संपेल, आणि किस्सा संपल्यावर मला त्या खोलीत कोण ठेवणार? निवृत्तीनंतर दोन वर्षं घरात बसून होतो. शेजारीसुद्धा ओळख देईनासे झाले होते. ते पुन्हा नको.

म्हणून कागद फाडू नकोस. पेन्सिलीने फुली केलीय तिथे सही कर. तारीख इथले लोक टाकतील.

तू नाही म्हणणार नाहीस, हे माहीत आहे म्हणूनच मागतोय.

तुला बाद करून पन्नाशी गाठलेला,
धाकटा