दोनच्या गाडीची बातमी

१० मार्च १९७३, पाटोदा
सोसायटीच्या निवडणुकीत सिदूचा अर्ज छाननीत टिकला! सोसायटीचे सेक्रेटरी पंडितराव यांनी दुजोरा दिला — दबक्या आवाजात. चेअरमन अर्जुनरावांसमोर उभा राहिलेला हा एकटाच. मेंढपाळ. चारा छावणी सोसायटीची, पण मेंढरांना तिथे पाणीही नाही. "निवडून आलो की पयला छावणीचा हौद उघडतो," म्हणतो. मेंढपाळांच्या तळांवरच्या कळपांचं सगळं त्या हौदावर अवलंबून.

दुपारी लायब्ररीतलं जाडं पुस्तक उघडलं. जर्मनीतली हुकूमशाही, मग युद्ध.

११ मार्च
पुस्तकातल्या जर्मनीत काही संपादकांचे मथळे हुकूम येण्याआधीच तयार असत. शेजारी शेजाऱ्याकडे संशयानं बघे. मीही बघू लागलोय! चहावाला सटवा म्हणाला, "सायेब, सिदूचं काय म्हन्तेत?" याला कुणी विचारायला लावलं?

१२ मार्च
अर्जुनरावांची जीप माझ्या दारावरून गेली. हॉर्न वाजवत. पुढच्या सीटवर — सिदू! मला रामराम केला, वर हसला.
फुटला.

१३ मार्च
माघारीची मुदत तीनला संपते, पेपरचं पाकीट नेणारी बीडची एसटी दोनला सुटते. म्हणून आम्ही वार्ताहर असली बातमी आधीच लिहितो. वीस वर्षं अशीच चाललीत. लिहिलं — सिदूची माघार, अर्जुनराव बिनविरोध. पाकीट कंडक्टरच्या हाती दिलं.

चारला सिदू दारात. सोबत बायको चतुराबाई.
"माघार? कावून घेऊ?"
"मग जीप?"
"चहा पाजला. पाठीवर हात फिरवला. बाजारातून हिंडवलं अन् सोडलं. अर्जाचं नावच न्हाई काढलं!"
चतुराबाई फणकारली, "हौदापायी उभा ऱ्हायलाय त्यो. चहापायी बसंल व्हय?"

पाकिटाचं सांगितलं. सिदूची मतं लांबच्या तळांवर आहेत. बिनविरोध वाचल्यावर मतदानाला कोण उतरेल?

बीडला पेपरच्या कचेरीत ट्रंककॉल लावून बसलोय. लाईन मिळत नाही.

१४ मार्च, सकाळ
स्टँडवर पेपर एजंट बंकट भेटला. खुशीत. अर्जुनरावांनी आजच्या दोनशे प्रती सांगितल्यात — तळांवर फुकट वाटायला.
"कधी सांगितल्या?"
"परवाच की. जीपमधूनच वरडले. सिदू बी व्हता संगं."

मतदान उद्या. पेपरची गाडी वळणावर दिसतेय.