जपानी मांसाला सहा शिट्ट्या

सीब, मस्कत, बुधवार

आदरणीय कुबराआपास,

धाकट्या अमीनचा सलाम. तुझे गुडघे, दूल्हेभाईंची साखर आणि परसातली कलमं यांपैकी जे जे बरं असेल त्याचा आनंद आहे. आमच्याकडे बरं म्हणण्यासारखा फक्त एसी आहे, तोही पाणी गाळतो. रहिमाला जाऊन दोन वर्षं झाली, तरी मी सकाळी दोन कप चहा टाकतो आणि दोन्ही स्वतःच पितो. त्यामुळे पित्त वाढलंय. बाकी अल्हम्दुलिल्लाह.

झरीनला तिच्या कंपनीने दोन वर्षांसाठी ओसाकाला बोलावलंय. (ओसाका जपानात आहे. मीही नकाशातच पाहिलं.) पोरीला जायचंय, पण अडलंय माझ्यामुळे. "अब्बा, तुम्हाला एग्जच्या पुढे काहीच येत नाही. ज्या दिवशी प्रॉपर जेवण बनवाल ना, त्या दिवशी मी साइन करते," असं तिने तोंडावर सांगितलं. मला राग आला आणि रागाच्या भरात मी बोलून गेलो, की अंडं काय, तुझं ते जपानी मांस करून दाखवतो.

जपानी मांस म्हणजे टाटाकी. ऑफिसच्या पार्टीत ती एकदा खाऊन आली आणि महिनाभर दुसरा विषय नव्हता. बीफचा अख्खा तुकडा कडकडीत तव्यावर चारी बाजूंनी जेमतेम भाजायचा, लगेच बर्फाच्या पाण्यात टाकायचा, लिंबू आणि सोया सॉसमध्ये मुरवायचा आणि पातळ कापून खायचा. आतून लालच राहतो. (हो आपा, लाल. बसून वाच.) आपल्या घराण्यात मांस हाडापासून सुटल्याशिवाय कुणी पातेलं उतरवलेलं नाही.

इथल्या बाजारातल्या, म्हणजे सूकमधल्या खाटकाकडे अंडरकट (पाठीकडचा मऊ तुकडा) मागितला, तर त्याने सवयीने सुरा उचलून विचारलं, "करी कट या कीमा?" अख्खा दे म्हटल्यावर त्याला वाटलं घरी दावत आहे. माणसं किती, म्हणाला. मी दोन सांगितली. पुढच्या वेळी किती सांगायची, हा प्रश्न घरापर्यंत माझ्याबरोबर चालत आला.

सॉसमध्ये जपानी लोक तांदळाची गोड दारू घालतात, मी मध घातला. पुढे सुक्या माशाचे पापुद्रे घाला म्हणून मोबाइलवरच्या रेसिपीत सांगितलं होतं. ते शोधत कुठे फिरू? तू पाठवलेलं सुकट मूठभर भाजून सोया सॉसमध्ये बुडवलं, इथली बारकी लिंबं पिळली आणि गाळून घेतलं. खिडकीखाली दोन मांजरं येऊन बसली ती सूर्य बुडून मगरिबची अजान होईपर्यंत हलली नाहीत.

काप करून ताटात मांडले आणि असरची नमाज पढायला आत गेलो. तेवढ्यात खालच्या मजल्यावरची अफशा कढीपत्ता मागायला आली, दार उघडंच होतं. (महाडची आहे. मुलगी चांगली, हीच अडचण.) लाल मांस बघून तिला वाटलं, चाचा गॅस पेटवायचं विसरले. तिने आलं-लसूण आणि तुझा मसाला लावून सगळं कुकरला चढवलं. सॉस वाया जाऊ नये म्हणून तोही त्यातच ओतला. सहा शिट्ट्या.

संध्याकाळी झरीनने कुकर उघडला आणि बराच वेळ आत बघत राहिली. "इट्स ओके, अब्बा," म्हणाली आणि कोपऱ्यावरून खुब्ज, म्हणजे इथल्या रोट्या, घेऊन आली. त्या खुब्जबरोबर आम्ही रस्सा खाल्ला. सुकटाचा वास सोडला तर वाईट नव्हता. हात धुताना ती म्हणाली, "मी नाही जात." रविवारी कंपनीला कळवणार आहे. मला फार वाईट वाटतंय, पण अफशाला काय बोलणार?

दूल्हेभाईंना सलाम, मुलांना दुआ.

तुझा,
अमीन

ता. क. : सुकट संपलं. कुणी येणार असेल तर पाठव.

आणखी एक : अफशाच्या सासूला तक्रारीचा फोन करू नकोस. ती आली होती खरी. "चाचा, हे कच्चंय, कुकरला लावू?" असं तिने विचारलं, मी नको म्हटलं आणि ती कढीपत्ता घेऊन गेली. मग मी एक काप सॉसमध्ये बुडवून खाल्ला. आपा, चांगला झाला होता. रहिमा गेल्यापासून माझ्या हातचं पहिलं धड अन्न. दुसरा काप खाताना ध्यानात आलं, की झरीनने हे चाखलं तर ती जाणार. कुकर मीच लावला. शिट्ट्याही मीच मोजल्या.

शेवटचं : म्हणूनच पत्र टपालात न टाकता फोटो काढून पाठवतोय. रविवारच्या आत झरीनला फोन कर आणि सांग, की तुझ्या बापाला येतं. माझ्याने होत नाही. आज दोनदा तिच्या खोलीपर्यंत गेलो आणि चहा घेणार का, एवढंच विचारून परत आलो.