पुढच्या डाव्या पायाची नाल

अब्बा,

काल दुपारी समोरच्या फ्लॅटमधली बाई वर्तमानपत्रात गुंडाळलेलं काहीतरी घेऊन आली. विचुंब्याला आमच्या बिल्डिंगमध्ये येऊन तिला महिनाही झाला नाही, पण मी नालबंदाची मुलगी आहे ही बातमी तिच्यापर्यंत पोचली होती. "ताई, जरा बघून सांगता का, काळ्या घोड्याचीच आहे ना? दुकानदार शपथेवर सांगत होता. दारावर लावायचीय, मुलाला सारखं बरं नसतं." मी कागद सोडला. तुम्ही फिरवायचात तसा नालेच्या पुढच्या कडेवरून अंगठा फिरवला, आणि मला लगेच कळलं. तिला म्हटलं, ठेवून जा, उद्या सांगते. ती नाल आता या कागदाशेजारी पडली आहे, आणि तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाल्यावर मी तुम्हाला पत्र लिहायला बसले आहे. वरातीमागून घोडं म्हणतात ते हेच.

तुमचं दुकान म्हणजे पनवेलच्या टांगा स्टँडच्या भिंतीला टेकलेलं पत्र्याचं छप्पर, खाली एक पेटी, आणि पेटीत हातोडी, पकड, कानस नि खिळ्यांचा डबा. अम्मी गेल्यावर शाळा सुटली की मी तिथेच यायचे, आणि पुढे ब्लाऊज शिवायला लागले तेव्हा मशीनही तिथेच आणून ठेवलं. घोड्याचा पाय मांड्यांत धरून तुम्ही बोलत राहायचात. माणसानं स्वतःच्या पायांनी जेवढी दुनिया बघितली, त्याच्या शंभरपट घोड्याच्या पाठीवरून बघितली, असं तुमचं म्हणणं. माझ्या इतिहासाच्या पुस्तकातली लढाईची चित्रं तुम्ही नाकाशी धरून बघायचात. राजा कोण, जिंकलं कोण, हे तुम्ही कधी विचारलं नाहीत. नाल कुणी मारली असेल, एवढीच तुम्हाला काळजी. एकदा आपण एका लग्नाला परगावी गेलो होतो, तिथे चौकात घोड्यावर बसलेल्या कुणा सरदाराचा पुतळा होता. लोक हात जोडत होते आणि तुम्ही घोड्याच्या उचललेल्या पायाखाली वाकून बघत होतात. "नाल दाखवलीच नाही," म्हणालात. "इतका मोठा घोडा, आणि अनवाणी." लग्नाच्या बिर्याणीतही तुमचं लक्ष लागलं नाही.

मग तीन सीटर रिक्षा आल्या, सहा सीटर आल्या, आणि टांगे एकेक करून उठले. शेवटी स्टँडवर एकच घोडा राहिला, काळ्या. अंगावर एक पांढरा केस नाही असा. त्याचे मालक, मूळचे बेलपाड्याचे आपले टांगेवाले काका, तुमच्याशी दिवसातून दोनदा भांडायचे आणि चारदा चहा प्यायचे. बाकीच्यांनी आपापल्या घोड्या लग्नाला लावल्या. काळ्याला ती सोय नव्हती. "लग्नाला पांढरी घोडी लागते," काका म्हणायचे. "काळ्याला कोन इचारतंय? त्याच्यावर नवरदेव बसला तर लोक म्हनतील, इडापिडा दारात आली."

काळ्याची नाल मात्र सगळ्यांना हवी होती. खारघरपासून विचुंब्यापर्यंत शेतांत इमारती उभ्या राहत होत्या, आणि नव्या घराच्या दारावर काळ्या घोड्याची नाल ठोकली की शनीचा त्रास होत नाही, असं ज्याला त्याला कुणीतरी सांगितलेलं. गाड्या थांबायच्या, काच खाली व्हायची, नाल आहे का, असं विचारायचे. बाजूला उभ्या असलेल्या घोड्याकडे कुणी वळून बघायचं नाही. तुम्ही नाही म्हणायचात, कारण नाल चालून झिजलेली हवी, आणि घोडा दिवसभर उभाच, तर झिजणार कशी.

मी कोऱ्या नाल आणून मिठाच्या पाण्यात बुडवायला लागले. आठ दिवसांत त्या अशा गंजायच्या की पाहणाऱ्याला वाटावं, घाट चढून आल्यात. तुमच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. मला वाटलं, यांना काय दिसणार. एका दुपारी हात धुवायला म्हणून तुम्ही नेमकी तीच बादली ओढलीत. एक नाल वर काढलीत, लुंगीला पुसलीत, कडेवर अंगठा फिरवलात. दोन थोबाडीत मारल्या असत्यात तर परवडलं असतं. तुम्ही एवढंच म्हणालात, "बेटा, हिच्यावर कुणी चाललंच नाही." मग मला शेजारी बसवून काळ्याची एक जुनी नाल हातात दिलीत. ती एका बाजूनं जास्त खाल्ली गेली होती, कारण तो डावा पाय जरा आत टाकायचा. "ही त्याची चाल आहे. ही आपल्याला बनवता येत नाही. आणि ज्याच्या दारावर खोटी लावली, त्याच्या घरात आपण खोटं बोलून शिरलो." मी बादली गटारात ओतली. ज्या आधीच विकल्या होत्या त्यांच्याबद्दल तुम्ही विचारलं नाहीत आणि मी सांगितलं नाही.

तरी पावसाळा तोंडावर होता आणि काळ्याच्या बरगड्या दिसत होत्या. वाट तुम्हीच काढलीत. काळ्याला रोज सकाळी तळ्याभोवती हिंडवायचं, आणि दर शनिवारी एका पायाची नाल बदलायची. चार शनिवारांत चार पाय. महिन्यानं नाल बदलावीच लागते, कारण खूर वाढतो. म्हणजे घोड्याला त्रास नाही आणि कुणाशी खोटंही नाही. निघालेली नाल ज्याला हवी त्यानं पैसे द्यायचे नाहीत, काळ्यासाठी हरभऱ्याचं पोतं आणायचं. काका म्हणाले, "चला, गंगेत घोडं न्हालं येकदाचं." वर्षभरात काळ्या असा भरला की अंगावर हात ठेवला तर सरकून जावा. सगळं जागच्या जागी होतं असं माझ्या आयुष्यातलं तेवढं एकच वर्ष.

मग तुमच्या डोळ्यांचं ऑपरेशन ठरलं. चाळीस दिवस वाकायचं नाही, धुळीत जायचं नाही. तुम्ही जायच्या आधी काळ्याच्या चारही पायांना नवी नाल मारलीत आणि मला नि काकांना बजावलंत, "मी येईपर्यंत त्याच्या पायाला हात लावायचा नाही. लोकांना सांगा, नंतर या." आम्ही माना हलवल्या. पुढच्याच आठवड्यात शनिवारी अमावास्या आली. मारुतीच्या देवळापासून स्टँडपर्यंत माणसं, आणि दोघंतिघं तर पोती खांद्यावर घेऊनच आलेले. काका म्हणाले, "यांना आता परत कसं धाडायचं? तूच मार ना. नालबंदाची पोर हायस तू." हेच मला कुणीतरी म्हणायला हवं होतं. इतकी वर्षं मी पाय धरला होता, अब्बा. हातोडी तुम्ही मला कधी दिली नाहीत. पाय धर, हातोडी नको, एवढंच. मुलगी म्हणून नको, की घाई करते म्हणून नको, हे कधी सांगितलं नाहीत.

त्या दिवशी मी दोन पाय केले. पुढच्या शनिवारी उरलेले दोन. लोक म्हणाले, बापाचा हात उतरलाय, आणि मला ते खरं वाटलं. तिसऱ्या शनिवारी पुढच्या डाव्या पायाची पाळी पुन्हा आली, जेमतेम पंधरा दिवसांत. खुराच्या कडेला आधीच्या खिळ्यांची भोकं तशीच होती, नख तेवढ्यात वाढलेलं नव्हतं. घट्ट जागा मिळावी म्हणून मी खिळा जरा आतून घेतला. तुम्ही शिकवलं होतंत, हातापेक्षा कान महत्त्वाचा. खिळा नखातून जातो तोवर टणक वाजतो, मांसाजवळ गेला की आवाज बसतो. सात खिळ्यांतला पाचवा. आवाज बसला, आणि मी तो ऐकला. काळ्यानं पाय ओढला. काकांनी विचारलं, "काय झालं गं?" मी म्हटलं, "माशी बसली असेल." भोवती माणसं उभी होती, एक बाई मोबाइलवर फोटो काढत होती. मी सहावा खिळा हातात घेतला.

तुमचे चाळीस दिवस पुरे व्हायच्या आतच तुम्हाला बोलवावं लागलं. काळ्या तीन पायांवर उभा होता. जनावरांच्या डॉक्टरांनी ती नाल काढून खूर कोरला, पू काढला, इंजेक्शनं दिली, आणि उशीर झालाय म्हणाले. तुम्ही रिक्षातून उतरलात आणि काळा चष्मा काढलात. कित्येक वर्षांनी तुम्ही त्याला इतकं स्वच्छ बघत होतात. मग मी नको नको म्हणत असताना खाली बसलात, त्याचा पाय मांडीवर घेतलात आणि ते नवे डोळे मिटून घेतलेत. तुमची बोटं खुराच्या कडेवरून गेली, एकेका भोकावर थांबली. मी आणि काका दोन पावलांवर उभे होतो. लग्नाच्या घोडीवाले होते, रिक्षावाले होते, चहावाला होता. घोडीवाल्यांपैकी एकानं विचारलं, "कुनाचा खिळा?" तुम्ही डोळे न उघडता म्हणालात, "माझाच. दिसत नव्हतं तरी मारत बसलो. माझा हात चुकला."

काकांनी मान खाली घातली. घोडीवाले शनिवारी लग्नांना गेलेले असायचे, आणि ज्यांनी माझ्या हातात हातोडी बघितली होती त्यांना वाटलं, तो खिळा तुम्ही जायच्या आधीचा असेल.

पाचव्या दिवशी काळ्या आडवा झाला तो उठला नाही. त्या दुपारीही एक गाडी थांबली, काच खाली झाली आणि आतून कुणीतरी विचारलं, नाल मिळेल का. तुम्ही तिकडे बघितलंही नाहीत. पकड घेऊन त्याच्या उरलेल्या तिन्ही पायांची नाल उतरवलीत. "जाताना सगळे अनवाणीच जातात," म्हणालात. नगरपालिकेची गाडी त्याला घेऊन गेली, आणि त्या तिन्ही नाल तुम्ही तळ्यात टाकून आलात.

नालबंदाकडे नाव सोडून असतं काय? घोडीवाल्यांनी दुसरा नालबंद बोलवायला सुरुवात केली. तुमच्या मांडीवर पुन्हा कुणी घोड्याचा पाय दिला नाही. डोळे लख्ख झालेला माणूस रोज सकाळी पत्र्याखाली जाऊन बसायचा, हातोडीला तेल लावायचा आणि दुपारी घरी यायचा. असं दोन वर्षं. मी समोर बसून काजं करायचे. रोज ठरवायचे, आज सांगू, आणि रोज कुणाच्या तरी ब्लाऊजची घाई निघायची. काका बेलपाड्याला निघून गेले होते. एकदा भाजी बाजारात भेटले. "सांगितलंस का त्याला?" विचारलं. मी नाही म्हटलं. "मी पन नाय," म्हणाले, आणि कोथिंबिरीची जुडी पिशवीत घालून गेले.

शेवटच्या आठवड्यात दवाखान्यात तुम्ही माझा हात हातात घेतलात. सुईनं कडक झालेलं बोट चाचपलंत आणि म्हणालात, "हात चांगला आहे तुझा. घाई करतो फक्त." तुम्ही शिवणाचं बोलत होतात की दुसऱ्या कशाचं, हे मी विचारलं नाही. नालेवरून चाल ओळखणारा माणूस खिळ्यावरून हात ओळखणार नाही, हे मला पटत नाही. तुम्हाला कळलं असेल, तर माझ्यासाठी तुम्ही तुमचं नाव चारचौघांत टाकून दिलंत आणि मी ते टाकू दिलं. आणि नसेल कळलं, तर जे ओझं मी एका वाक्यात उतरवू शकले असते ते घेऊन तुम्ही मातीत गेलात. कितीदा दोन्ही बाजूंनी विचार केला. कुठूनही सुटका नाही.

आता पनवेलला टांगा नाही. लोकांच्या बोलण्यात तेवढी घोडी उरलीत. माझा मुलगा अभ्यासाला बसत नाही तेव्हा मीच म्हणते, घोडामैदान जवळ आहे, आणि त्यानं घोडा फक्त वरातीत बघितलाय. आमच्या बिल्डिंगमध्ये निम्म्या दारांवर नाल आहे. जिना चढताना त्यातल्या काही मला ओळखू येतात, मिठाच्या पाण्यातल्या, माझ्याच. माणसांना घोडा नको झाला, त्याच्या पायाखालचं लोखंड तेवढं हवं. आमच्या दारावर मी काही लावलेलं नाही.

हे पत्र कुठे पाठवणार? तुमची पेटी माझ्याकडे आहे, तिच्यात हातोडीखाली ठेवेन. पण लिहायचं ते अजून लिहिलंच नाही. "माझा हात चुकला" असं तुम्ही म्हणालात तेव्हा मी रडले, ते सगळ्यांनी बघितलं. चहावाल्यानं पाणी आणून दिलं, एका घोडीवाल्यानं डोक्यावर हात ठेवला. ते रडू काळ्यासाठी नव्हतं, आणि अब्बा, तुमच्यासाठीही नव्हतं. मी सुटले म्हणून रडत होते.

मध्येच बेल वाजली म्हणून उठले होते. समोरची बाईच होती, मुलाला कडेवर घेऊन. त्याचा ताप अजून उतरला नव्हता. मी ती कुठेच न झिजलेली नाल तिच्या हातात दिली.

"खरी आहे ना, ताई? काळ्या घोड्याची?"

"हो," मी म्हटलं. "पुढच्या डाव्या पायाची."